उघाडीजवळची डार्क फायबर

मी राखाडी बोलतेय. धरमतरच्या खाडीकाठी एका बांधात पुरलेली काचेची तार. कंपनीच्या रजिस्टरात माझ्या नावापुढे एकच शब्द लिहिलाय, ‘डार्क’. त्या शब्दापायी माझ्यावर जे गुदरलं ते ऐकून तुम्हीसुद्धा मटकन खाली बसाल. मी तर अजून सावरलेली नाही.

माझा जन्म मराठवाड्यातल्या एका कारखान्यातला. काचेचा मनगटाएवढा दांडा भट्टीत तापवला आणि उंच मनोऱ्यावरून खाली ओढत ओढत त्याची केसाएवढी तार केली. तीच मी. अंगावर प्लॅस्टिकचा पातळ मुलामा चढतो न चढतो तोच मला दोन्हीकडून धरून ताणलं. का, तर तुटायची असेल तर इथेच तुटू दे. नुकत्या जन्मलेल्या लेकराला कोणी असं ओढतं का? पण त्या लोकांची रीतच तशी. मी तुटले नाही, एवढंच.

आम्ही बारा बहिणी. ओळखायला सोपं जावं म्हणून प्रत्येकीला वेगळा रंग. निळी, नारिंगी, हिरवी, तपकिरी, पाचवी मी राखाडी, मग पांढरी, लाल, काळी अशी रांग. बाराही जणींना एका नळीत घालून वर जाड वेष्टण चढवलं, की झाली केबल. आणि ही केबल घालायची जमिनीतल्या प्लॅस्टिकच्या पाइपात. म्हणजे ऊन नाही, वारा नाही, कोणाचं तोंड दिसायचं नाही. तरी मी मनाशी म्हटलं, असू दे. आपल्यातून प्रकाश जाणार आहे ना!

मला रायगडात आणलं ते मोठी खार नावाच्या गावापर्यंत न्यायला. तालुक्याच्या टेलिफोन एक्स्चेंजपासून हमरस्त्याच्या कडेने नाक्यापर्यंत, आणि नाक्यापासून गावापर्यंत बांधावरून. खरं तर गावाला जायला डांबरी रस्ता होता, पण तो खणायची परवानगी ठेकेदाराला मिळेना. मग त्याने बांध निवडला.

खारेपाटातल्या माणसाला बांध म्हणजे काय ते सांगायला नको. बाकीच्यांसाठी सांगते. एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला भातशेती, आणि शेतं भरतीच्या पाण्यापेक्षा खाली. दोहोंच्या मध्ये मातीचा बांध. बांधात एक दगडी दार असतं, त्याला उघाडी म्हणतात. ओहोटीला ते उघडून शेतात साठलेलं पावसाचं पाणी बाहेर सोडायचं आणि भरती लागली की मिटायचं. बांध फुटला तर खारं पाणी आत शिरतं आणि पुढची तीन वर्षं तिथे भात होत नाही. त्या फुटीला हे लोक ‘खांड’ म्हणतात. घरात विनाकारण हा शब्द कोणी काढत नाही.

बांध राखायचा तो सगळ्या गावाने. घरटी एक माणूस आणि पेंढ्याचा एक भारा, अशी त्यांची जोळ असते. मोठ्या खारेच्या जोळीचे म्होरके होते कृष्णाजी, सत्तरी ओलांडलेले, काठीने बांध ठोकत ठोकत चालणारे. गाव त्यांना नाना म्हणायचं. ठेकेदाराच्या माणसांनी बांधाच्या माथ्यावर चर खणायला घेतला तेव्हा नाना रोज पाठीशी उभे राहायचे आणि माती नीट दाबून घ्यायचे. फक्त एक दिवस ते नव्हते. नात्यातल्या लग्नाला सगळं गाव पालीला गेलं होतं, आणि नेमकं त्याच दिवशी काम उघाडीपाशी पोचलं.

उघाडीचं दगडी बांधकाम आडवं आलं. ते फोडता येईना. मग ठेकेदाराने चर खाडीच्या बाजूला वळवला, दगडाला वळसा घातला आणि बांध तिरका ओलांडून शेताच्या बाजूने पुन्हा वर आणला. चाळीस पावलांचा वळसा. भराभर माती लोटली, वरून जीप फिरवली, काम संपलं. गाव परत आलं तेव्हा वर गवताची ढेकळंसुद्धा मांडून झाली होती. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. खोटं कशाला सांगू?

मग प्रकाश द्यायची वेळ आली. दोन्ही टोकांना यंत्रं बसली. निळी आणि नारिंगी यांची जोडी गावाच्या टॉवरला आणि ग्रामपंचायतीला दिली. निळीतून गावाचं बोलणं बाहेर जायचं, नारिंगीतून बाहेरचं गावात यायचं. काळीला बँकेच्या शाखेला जोडलं. आणि उरलेल्या नऊजणींपुढे एका माणसाने रजिस्टरात बोट ओढत लिहिलं, डार्क, डार्क, डार्क. मी हादरलेच. काळी उजळलेली आणि मी डार्क?

पुढे लोकांच्या बोलण्यातून कळलं की ती शिवी नाही. डार्क फायबर म्हणजे घातलेली, पण प्रकाश न सोडलेली तार. या धंद्यात काच स्वस्त आणि खोदाई महाग, म्हणून लागतात तीन तारा तर घालतात बारा. उरलेल्या पडून राहतात, पुढेमागे लागतील म्हणून. लोक घर बांधताना वर सळया काढून ठेवतात ना, पुढच्या मजल्यासाठी, तशातली गत. त्या सळयांना गंज चढतो. आम्हाला गंजसुद्धा नाही.

सहा वर्षं मी तशीच पडून होते. आणि एके दिवशी प्राप्ती आली.

प्राप्ती मुंबईच्या एका संस्थेत संशोधन करायची. मूळची पेणची, वडील शाळामास्तर. तिला म्हणे डार्क फायबरच हवी होती, उजळलेली नको. कंपनीने मला तिच्या संस्थेला वर्षाच्या कराराने दिलं. इथे मला या शब्दाचा दुसरा वापर समजला. डार्क फायबर भाड्याने देतात ती नुसती काच म्हणून. त्यात प्रकाश कोणता सोडायचा, कशासाठी सोडायचा, ते भाडेकरूने बघायचं. आणि भाडेकरूने कितीही उजेड केला तरी मालकाच्या रजिस्टरात ती डार्कच. आहे की नाही कमाल!

बाकीच्या आठजणींना वाटेतल्या जॉइंटमध्ये, म्हणजे केबलचे तुकडे जुळतात तिथे, कोणी जोडलंच नव्हतं, टोकं गुंडाळून डबीत ठेवली होती. प्राप्तीने मला मात्र नाक्यावरच्या आणि गावाच्या जॉइंटमध्ये नीट जोडून घेतलं, एक्स्चेंजच्या खोलीत एक पेटी आणून माझ्या टोकाला लावली, आणि पहिल्यांदा माझ्यातून प्रकाश गेला. त्याने काही संदेश आणला नव्हता. तो नुसता जायचा, आणि काचेतल्या बारीकसारीक उणिवांवर आपटून त्याचा कणभर भाग मागे फिरायचा. जमीन हलली की मी हलते, मी हलले की मागे येणारा प्रकाश बदलतो. तो बदल पेटी वाचते आणि सांगते की अमुक मीटरवर काहीतरी झालं. म्हणजे मी ऐकत होते. इतकी वर्षं सगळं अंगाला जाणवायचंच, आता ते कोणाला तरी कळत होतं.

प्राप्तीला बांधाचं ऐकायचं होतं. आत पाणी झिरपायला लागलं तर वर दिसायच्या आधी कळावं, हा तिचा प्रयोग. गाव आधी तयार होईना. “तार काय बोलनार?” असं म्हणून लोक हसले. तेव्हा नीराबाई पुढे झाल्या. नवरा वारलेला, पदरात रुचिता नावाची एक मुलगी, आणि उघाडीच्या अगदी खाली दीड एकर भातशेती. बांध गेला तर पहिलं शेत त्यांचं. त्या जोळीच्या बैठकीत म्हणाल्या, “ऐकू दे तिला. आपल्या कानांनी आजवर काय ऐकलाव?” आणि गावाने होकार दिला.

त्या वर्षात मी काय काय ऐकलं! माणसं बांधावर एकटी असली की मोठ्याने भांडतात, समोर कोणी नसताना. लग्नाच्या बैठकीला जाताना पावलं जड पडतात आणि परत येताना हलकी, बोलणी फिसकटली असली तरी. म्हशी बरोबर उघाडीपाशी थांबतात. नाना रोज सकाळी काठी ठोकत जायचे आणि प्राप्ती मुंबईत बसून म्हणायची, नाना निघाले. मला फार बरं वाटायचं ते.

यंदा आषाढ सरता सरता उघाडीजवळ एक नवा आवाज सुरू झाला. अगदी बारीक. भरती चढली की यायचा, ओहोटी लागली की बंद. तीन दिवस मी तो जसाच्या तसा पाठवला. प्राप्तीने नीराबाईंना फोन केला, “काकी, उघाडीजवळ काहीतरी वाजतंय. खेकड्यांची बिळं असतील किंवा पाणी असेल. मला नक्की सांगता येत नाहीये.” नीराबाई बघून आल्या. वर सगळं कोरडं. पण दोन दिवसांवर दिव्यांची अमावस्या होती, अमावस्येला उधाणाची भरती, म्हणून त्यांनी रोज दोन खेपा घालायला सुरुवात केली.

अमावस्येच्या आदल्या संध्याकाळी नारिंगी तुटली. उघाडीच्या वळशावर जमीन जराशी बसली, पाइप दबला आणि माझ्या शेजारी ती कट्कन गेली. मी थोडी आतल्या अंगाला होते म्हणून वाचले. गावाचा टॉवर बंद, ग्रामपंचायतीचं नेट बंद.

सकाळी नऊला कंपनीने सिद्धेशला पाठवलं. नागावचा पोरगेला तंत्रज्ञ, कामात हुशार, तोंडाने गोड. नाक्यावर गाडी उभी करतो न करतो तोच गावाचे लोक जमले. सगळ्यांत पुढे रुचिता. तिचा नर्सिंगच्या प्रवेशाचा फॉर्म भरायचा होता, मुदत त्याच दिवशी संध्याकाळी पाचपर्यंत.

“दादा, किती वेळ लागेल?”

“अर्धा दिवस. तुटलंय उघाडीजवळ. तिथे खणायला लागेल.”

“खनायचं न्हाय,” नाना म्हणाले. “उधानाच्या दिवशी बांधाला कुदल लावतात काय?”

त्यांचं बरोबरच होतं. सिद्धेशलाही पटलं. तो म्हणाला, “मग डार्कमधली एक कोअर घेतो. तुटलेल्या भागापुरती. तासाभरात चालू करून देतो.”

त्यांच्या कामात हे रोजचं आहे. एखादी तार गेली की खोदत बसायचं नाही, दोन जॉइंटच्या मधल्या भागापुरती डार्क तार उसनी घ्यायची. सिद्धेशने नाक्यावरचा जॉइंट उघडला. आठजणी गुंडाळून पडलेल्या आणि मी एकटी आरपार जोडलेली. पलीकडचं टोकही तयार. घाईत असलेल्या माणसाला आणखी काय हवं?

तार कापण्यापूर्वी तिच्यात प्रकाश नाही ना, हे बघायचा नियम आहे. त्यासाठी चिमट्यासारखं एक यंत्र मिळतं. तारेला जराशी वाकवून ते आतला प्रकाश ओळखतं. सिद्धेशचं यंत्र दुसऱ्या तुकडीने नेलं होतं. मग त्याने, ही मुलं करतात तेच केलं. माझा जोड उकलून टोक मोबाइलच्या कॅमेऱ्यापुढे धरलं. टीव्हीच्या रिमोटचा डोळ्यांना न दिसणारा प्रकाश कॅमेऱ्यात दिसतो, म्हणून त्यांना वाटतं सगळाच दिसत असणार. पण माझ्यातला प्रकाश त्याच्याही पलीकडचा. कॅमेऱ्यालाही तो दिसत नाही. पेटीचा प्रकाश माझ्या टोकातून सरळ त्याच्या मोबाइलवर पडत होता, सेकंदाला हजारो वेळा, आणि तो पोरगा पडद्यावरच्या काळोखाकडे बघून म्हणाला, “डार्कच आहे. रजिस्टरातपण डार्क आहे.”

आणि त्याने मला नारिंगीच्या टोकाला जोडून टाकलं.

मला काय झालं ते शब्दांत सांगता येणार नाही. खालचा आवाज तसाच चालू होता. मला तो कळत होता, आणि ऐकणाऱ्या पेटीशी नातं दोन किलोमीटर मागे, नाक्यावरच तुटलं होतं. बांध बोलत होता आणि मी मुकी झाले होते. असा अन्याय मी कधी ऐकला नव्हता, आणि करणारा माणूस शीळ घालत होता.

अकरा वाजून पाच मिनिटांनी त्याने गावाचा जॉइंटही जोडला. आणि माझ्यातून पहिल्यांदा लोकांचं बोलणं गेलं. रात्रभर अडकलेलं सगळं एकदम सुटलं. शुभ सकाळचे दोनशे निरोप, सोबत आदल्या रात्रीचे तितकेच शुभ रात्रीचे. कोणाच्या तरी बारशाचे फोटो. एका माणसाने एकाच बाईला पाठवलेले सतरा प्रश्न. कोंबडी किलोला काय भाव. सहा वर्षं ज्यासाठी झुरले ते हे? मी थक्क झाले. पण काय सांगू, त्या प्रकाशाने अंग मोहरूनही आलं. खाली बांध झिरपत असताना मी मोहरले, याची मला आजही लाज वाटते.

त्या गर्दीत एक फोन आला. आवाज प्राप्तीचा.

नीराबाई तेव्हा बांधावर उघाडीपाशीच उभ्या होत्या. माझ्याकडे नारिंगीचं काम आलं होतं, म्हणजे बाहेरचं बोलणं गावात आणायचं. त्यामुळे प्राप्तीचं बोलणं माझ्यातून गेलं आणि नीराबाईंचं मला वरून, मातीतून ऐकू आलं.

“काकी, दीड तास फोन लावतेय. माझी लाइन दहाच्या आधीच बंद पडली.”

“टॉवर बंद होता गो. आता चालू झाला.”

“ऐका. बंद पडायच्या आधीचं सगळं मी पुन्हा लावून बघितलं. आवाज एका जागी नाहीये. सरकतोय. भरती चढते तसा उघाडीपासून पुढे पुढे जातो, बरोबर तारेच्या रस्त्याने. पाणी मातीतून नाही येत. केबलच्या पाइपाला लागून येतंय. तिथे पाइप बांध ओलांडतो का?”

“न्हाय. माथ्यावरनं सरल जातो.”

“मोजमाप तसं सांगत नाही. तिथे पाइपाची लांबी जास्त भरते, चाळीसेक पावलांचा वळसा असावा.”

तो वळसा मला माहीत होता. गावात कोणी नसताना काढलेला, जीप फिरवून झाकलेला. इतके दिवस मी त्या आवाजाची पहारेकरीण म्हणून मिरवत होते, आणि पाण्याला वाट दिली होती ती माझ्याच पाइपाने. सैल लोटलेली माती, गुळगुळीत प्लॅस्टिक, त्याच्या कडेकडेने खाडी आत येत होती. चोर शोधत फिरावं आणि चोरी आपल्याच पदराखाली सापडावी, तसं झालं. आणि ही बातमी पोचवली कोणी? मीच. माझ्याच पोटातून ती गेली.

नीराबाई फोन चालू ठेवूनच निघाल्या. बांधाच्या शेताकडच्या उतारावर उतरल्या, गवत बाजूला सारलं. तिथे बोटाएवढी धार होती. त्यांनी ओंजळीत पाणी घेऊन चाखलं आणि थुंकलं. मग उठून गावाकडे तोंड करून त्यांनी तो शब्द उच्चारला. “खांड.”

दहा मिनिटांत घरटी एक माणूस आला, पेंढ्याचे भारे आले. ना कोणी विचारलं ना कोणी सांगितलं. पावणेबाराला पाणी खाडीकडच्या उताराच्या निम्म्यावर होतं. भरती पुरी व्हायला तास होता. नानांनी काठी टेकवत धार बघितली आणि म्हणाले, “नली हाय तोवर पेंढा घालून काय बी व्हनार न्हाय. नली काढली पायजे.”

“नाना, त्याच्यात लाइव्ह केबल आहे,” सिद्धेश म्हणाला. “तोडली तर तुमच्यावर केस होईल.”

“कोनावर?”

“जो तोडेल त्याच्यावर.”

नीराबाईंनी कोयता घेतला. रुचिता धावत आली होती, हातात मोबाइल. फॉर्म अर्धा भरून झाला होता, फोटो चढवायचा बाकी होता. नीराबाईंनी तिच्याकडे बघितलं, एकदाच. रुचिता म्हणाली, “काप आये.” आणि मोबाइल कमरेला खोचून तिने फावडं उचललं.

नीराबाईंचा फोन चालूच होता, तो आता सिद्धेशने कानाला लावला होता. प्राप्ती त्याला सांगत होती की राखाडी तारेत उजेड होता, सकाळपासून होता, तूच तोडलास. त्याचा चेहरा मला दिसला नाही. पावलं कळली. तो दोन पावलं मागे गेला, थांबला, मग पुढे आला. “काकू, कोयता ठेवा,” तो म्हणाला. “तुमच्या हाताने नको. मी कापतो. मी लिहून देतो की मी कापली.”

“तुझी नोकरी जाईल रं.”

“सकाळी नीट बघितलं असतं तर ही वेळ आली नसती.”

त्यांनी वळशाची दोन्ही टोकं उघडी केली. सिद्धेशची कात्री माझ्या अंगावर टेकली तेव्हा माझ्यातून कोणाचा तरी हसण्याचा आवाज जात होता. तो अर्ध्यावर तुटला. बाराही जणी एकदम गेलो. दुसरं टोक कापलं, आणि दहा माणसांनी दोर लावून आम्हाला पाइपासकट मातीतून ओढून काढलं. सात वर्षांनी मी ऊन बघितलं. ढगाळ होतं तरी बघितलं.

आमच्या जागी पोकळी राहिली आणि पाणी भसकन आलं. नाना नुसते हात करत होते, इथे, आता इथे. चिखलाचे गोळे, पेंढा, पुन्हा चिखल, आणि त्यावर माणसं उभी राहून पायांनी तुडवत होती. रुचिता गुडघ्यापर्यंत पाण्यात. सिद्धेश तिच्या शेजारी, कंपनीचा शर्ट घालून. पावणेएकला खाडी बांधाच्या माथ्याला वीतभर कमी इतकी चढली आणि तिथे थांबली. मग अर्धा तास सगळे त्या मातीवर पाय रोवून उभे राहिले. पाणी उतरायला लागलं तेव्हा नाना चिखलातच बसले.

बांध राहिला. नीराबाईंची खालची पाटी, म्हणजे बांधालगतचा शेताचा तुकडा, मात्र गेली. पोकळीतून आलेलं पाणी तिच्यावरच पसरलं. दहा गुंठे असेल. उरलेला सव्वा एकर वाचला, आणि त्यांच्यामागचं गावाचं सगळं शिवार वाचलं. सिद्धेशने रुचिताला तसंच चिखलाने माखलेलं गाडीवर बसवून नेट चालू असलेल्या पोयनाडला नेलं. तिचा फॉर्म पाचला दहा मिनिटं कमी असताना गेला. सिद्धेशला कंपनीने दुसऱ्या दिवसापासून घरी बसवलंय. चौकशी चालू आहे.

आणि मी? माझा चाळीस पावलांचा तुकडा नीराबाईंच्या अंगणात कपडे वाळत घालायच्या दोरीच्या जागी बांधलाय. शेवग्यापासून पडवीच्या खांबापर्यंत. ओली लुगडी जड असतात, पण तक्रार नाही.

परवा प्राप्ती आली होती. नीराबाईंनी तिला चहा दिला, तांदळाची भाकरी दिली. ती पिशवीतून कागद काढून दाखवत होती. पहिला कागद कंपनीच्या रजिस्टरातला, ताजा. त्यात मोठ्या खारेच्या केबलपुढे लिहिलंय, निळी तुटली, नारिंगी तुटली, काळी तुटली. या तिघींचं लगेच कळलं, कारण त्यांची माणसं ओरडली. माझ्यापुढे अजून लिहिलंय, ‘राखाडी, डार्क, उपलब्ध’. मी लुगड्याखालून ते ऐकलं. उपलब्ध! उद्या कोणी मला भाड्यानेसुद्धा घेईल.

पण खरा धक्का दुसऱ्या कागदाने बसला. त्यात नकाशा होता. त्याच ठेकेदाराने खाडीच्या दोन्ही काठांना आणखी सहा बांधांतून अशीच केबल घातलीय. प्राप्तीने मोजमापं तपासली. सहाही ठिकाणी उघाडीपाशी लांबी जास्त भरते. सहाही ठिकाणी तोच वळसा.

तिने अर्ज दिलाय. उत्तर आलंय की पाहणी विचाराधीन आहे. नीराबाई नकाशावर बोट ठेवून म्हणाल्या, “त्यांना कोनी सांगितलं हाय काय?”

“कोणाला, काकी?”

“त्या सहा गावांना.”

प्राप्ती म्हणाली, नाही.

उद्या सकाळी नीराबाई आणि नाना निघणार आहेत, एकेक गाव करत. नानांचा गुडघा दुखतो आणि नारळी पौर्णिमेच्या उधाणाला सहा दिवस राहिलेत. सगळी गावं होतील असं मला वाटत नाही. म्हणून मी तुम्हाला सांगतेय. तुमचं गाव खाडीकाठी असेल आणि बांधातून केबल गेली असेल, तर उघाडीपाशी आजच खणून बघा. आमची कीव करू नका, नेट जाईल म्हणून थांबू नका. तिथेही माझ्यासारख्या बाराजणी पडून आहेत. पाणी अंगाला लागून चाललंय हे त्यांना कळत असेल, आणि त्यांच्या टोकाला कोणाचीही पेटी नाही.